पुमामार्काला शहाऐंशी

ओयान्तायताम्बो, पेरू
३ एप्रिल २०१८

श्रीमती सुनंदा टिपणीस यांस,

तीर्थरूप, साष्टांग वगैरे लिहीत नाही. जूनच्या ग्रुपची लिस्ट काल दिल्लीहून आली. अठरा नावं, चौदावं तुझं. आधी वाटलं दुसरी कोणी असेल. पण पुढे जन्मतारीख होती, पत्ता वसुंधरा, गाझियाबाद, आणि जेवणाच्या रकान्यात 'कांदा-लसूण चालेल, तिखट कमी'. म्हणजे तूच.

येऊ नकोस.

फोन केला असता, पण फोनवर तू मध्येच बोलतेस. पत्रात तुला मध्ये बोलता येत नाही. परतणाऱ्या ग्रुपमधले एक अंकल लाजपत नगरचे आहेत, ते हे पत्र तिथून पोस्ट करतील.

मी इथे काय करतो ते बाबांना माहीत आहे, त्यांनी तुला सांगितलं असेलच. कंपनी दिल्लीची, पॅसेंजर आपल्याकडचे. त्यांना डोंगर पाहिजे, पण डोंगराखाली डाळ-भातही पाहिजे. सकाळी पोहे, रात्री कुकर, दोन्ही माझ्याकडे. आणि ग्रुप पुमामार्काच्या किल्ल्यावर चालत जातो तेव्हा पुढे नेलिदा, ती इथली गाइड, आणि रांगेत सगळ्यात शेवटी मी. कोणी मागे राहू नये म्हणून. नववी फेल माणूस रिटायर्ड साहेबांना डोंगर चढवतो. घे, स्टाफरूममध्ये सांगायला आणखी एक गोष्ट.

तू विसरली असशील तर लिहितो. मार्च २००७. एसएसटी, तुझा इतिहास-भूगोल. शंभरात एकतीस, पाहिजे होते तेहेतीस. शिकवणारी तू, पेपर तपासणारी तू. सरोजिनी नगरच्या क्वार्टरमध्ये जेवायच्या टेबलावर माझ्यासमोर गठ्ठ्याला सुतळी बांधलीस. बाबा म्हणाले, "सुनंदा, दोन मार्कांनी देश बुडणार आहे का?" तू म्हणालीस, "आज दोन, उद्या किती?" बस. पुढे पानं वाढलीस.

सगळी शाळा म्हणाली, टिपणीस मॅडम म्हणजे टिपणीस मॅडम, पोटच्या पोराला सोडलं नाही. तुझी इज्जत वाढली, माझ्या दोन मार्कांवर. फेरपरीक्षा दे म्हणालीस. ती तरी तपासणार कोण होतं? मी मानेसरला गेलो, फॅक्टरीच्या कँटीनमध्ये, दिवसाला नऊशे रोट्या. तिथून केटरर, केटररकडून ही कंपनी. एकाही ठिकाणी मला एसएसटी विचारलं नाही.

अकरा वर्षं मला एकच गोष्ट पाहिजे आहे. एकदा म्हण की चुकलं. तेवढ्यासाठी पेरूला यायची गरज नाही, पोस्टकार्ड पुरेल. आणि ते म्हणायचं नसेल तर यायचं कशाला?

आलीसच, तर मी स्टाफ आणि तू पॅसेंजर. मी मॅडम म्हणेन.

श्रीरंग


ओयान्तायताम्बो
१९ मे २०१८

आई,

मेच्या ग्रुपबरोबर तुझं पत्र आलं आणि लोणच्याची बाटली. बाटली फुटली नाही, बाबांचं पॅकिंग. खाली त्यांची नेहमीची एक ओळ, 'चि. श्रीरंग, गुडघ्यांमुळे मी येत नाही, आईला सांभाळ.' त्यांना सांग, पॅसेंजर सांभाळायचा पगार मिळतो मला.

चार पानं लिहिलीस. बूट, हवा, स्वेटर किती, अरुणामावशी बरोबर येतेय. मी जे विचारलं त्याला एक ओळ, 'त्या विषयावर समोरासमोर बोलू.' सरोजिनी नगरला एका टेबलावर जेवत होतो तेव्हा आपण समोरासमोरच होतो. तेव्हा कोणी अडवलं होतं?

म्हणजे तू येणारच. ठीक आहे. पुढचं सगळ्या पॅसेंजरना पाठवतो, तुझ्यासाठी खास नाही.

बूट अर्धा नंबर मोठे घे, उतरताना अंगठा पुढे आपटतो. नवे बूट घालून विमानात बसू नको, महिनाभर घरात वापर. दाल-चावलच्या पिशव्या घेऊन वैशाली मेट्रोचा जिना रोज चार वेळा चढ. लिफ्टच्या रांगेत उभी राहू नको, तू राहतेस ते मला माहीत आहे. उंचीची गोळी डॉक्टरला विचारून. खोकला असेल तर लपवू नको. तू ताप लपवून शाळेत जायचीस. तिथे शाळा होती, खाली दवाखाना होता. इथे नाही.

आणि नियम. निघायच्या सकाळी बोटाला मशीन लावतात, रक्तात हवा किती ते कळतं. पंच्याऐंशीच्या खाली आकडा आला तर हॉटेलात बसायचं. कंपनीचा नियम आहे, बिल्कुल माफी नाही. वहीत आकडा मी लिहितो, नेलिदा वही बघून नेते. गेल्या वर्षी एका रिटायर्ड ब्रिगेडियरला चौऱ्याऐंशीवर बसवलं. त्याने मला पंजाबीत सगळं ऐकवलं. मी म्हटलं, सर, आज एक, उद्या किती? हे कुठून शिकलो ते विचारू नको.

श्रीरंग


ओयान्तायताम्बो
२७ जून २०१८

आई,

आज सकाळी तुमची बस विमानतळाकडे गेली. अरुणामावशी म्हणत होती, तुला त्या दिवसाचं अर्धं आठवत नाही. उरलेलं अर्धं मी लिहून ठेवतो. तू सांगशील ते वेगळं असेल.

सुरुवात तुम्हीच बिघडवली. मी नाश्त्याला म्हटलं, "मॅडम, पोहे घ्या," तर अरुणामावशी सगळ्या डायनिंग हॉलसमोर, "मॅडम काय म्हणतोस रे मेल्या, तुझे लंगोट बदललेत मी." सगळा हॉल हसला. ब्रिगेडियरसारख्याच एका काकांनी विचारलं, "सुनंदाजी, आपका बेटा? आपने बताया नहीं." तू म्हणालीस, "त्याने सांगितलं होतं सांगू नको म्हणून." खरं बोललीस. तू नेहमी खरंच बोलतेस, आणि समोरचा मूर्ख ठरतो.

मग मशीन. तू सहावी होतीस. मी म्हटलं, "बोट द्या." तू म्हणालीस, "कुठलं?" मी म्हटलं, "कुठलंही, यात डावं-उजवं नसतं." बोट गार होतं. आकडा आला त्र्याऐंशी. मी बघितला आणि तूही बघितलास, चष्मा वर सरकवून बघितलास. मग माझ्या हाताकडे. मी वहीत लिहिलं शहाऐंशी.

तुझं तोंड उघडलं होतं. मी वाट बघितली. तू चष्मा खाली घेतलास आणि म्हणालीस, "पाणी किती लिटर घ्यायचं?"

का लिहिलं? तुला दाखवायला. असे देतात. हात झडत नाही. कोणी मरत नाही. आणि तू घेतलेस, आई. दोन नाही, तीन घेतलेस. आता बाबांना विचार, देश बुडला का.

गाडीने अर्ध्या वाटेपर्यंत नेलं, पुढे दीड तास चढण. पहिल्या वळणापर्यंत तू मजेत होतीस. नेलिदा इंग्रजीत सांगत होती, हे कोठार, हा कालवा, आणि तू मागून तिच्यात भर घालत होतीस, पानिपतच्या सहलीला पोरांना उभं करून सांगायचीस तसं. नेलिदा मला स्पॅनिशमध्ये म्हणाली, "तुझी आई गाइड आहे का?" मी म्हटलं, "त्याहून वाईट. टीचर."

मग त्या पायऱ्यांच्या शेतांपाशी अरुणामावशी दम घ्यायला बसली आणि मला विचारलं, "काय रे, एवढा डोंगर कापून ह्यांनी काय मिळवलं?" मी सांगितलं. की खाली मोठे दगड, वर बारीक खडी, वर वाळू, मग नदीकाठची माती पाठीवर आणून टाकलेली. की दगडी बांध दिवसा ऊन खातो आणि रात्री पिकाला परत देतो, म्हणून दंव पडलं तरी बटाटा जगतो. की प्रत्येक पायरीची हवा वेगळी, खाली मका, वर बटाटा. कोणी शिकवलं नाही मला. नेलिदाचे वडील बांध दुरुस्त करतात, दोन सीझन मी त्यांच्याबरोबर दगड उचललेत.

तू काठीवर हात ठेवून ऐकत होतीस. मी थांबल्यावर म्हणालीस, "पाचपैकी चार."

मी विचारलं, "एक कुठे गेला?"

"जास्तीचं पाणी कुठून जातं ते राहिलं."

अरुणामावशी म्हणाली, "अगं सुनंदा, मेल्यावर यमाचे पण मार्क कापशील तू." सगळे हसले. मी नाही हसलो. तूही नाही. तेव्हा तुझे ओठ निळे पडलेत का ते मी बघायला पाहिजे होतं. माझं काम तेच आहे. मी बघितलं नाही, कारण तो एक मार्क डोक्यात होता.

किल्ला आला. तुघलकाबादसारख्या पडक्या भिंती, फक्त पानाच्या पिचकाऱ्या नाहीत. बाकीचे फोटो काढायला पसरले. तू दारातच बसलीस. मी म्हटलं, चलो, आत बघ. तू म्हणालीस, "गठ्ठा कुठे आहे?" मी म्हटलं, कसला गठ्ठा? तू म्हणालीस, "पेपर मोजून दिलेत ना?" मग उलटी झाली.

नेलिदा धावत आली. "देस्पासियो, मामी," हळू आई, हळू, म्हणत तुझं डोकं मांडीवर घेतलं. ती सगळ्या म्हाताऱ्या बायकांना मामी म्हणते. ऑक्सिजनचा डबा माझ्या सॅकमध्ये होता, तो लावला. तिने बोटाला मशीन लावलं आणि आकडा बघून माझ्याकडे बघितलं. मला विचारलं, "सकाळी किती होतं?" मी म्हटलं, "वहीत आहे."

खेचर खालच्या वाडीत होतं. तिथपर्यंत तू माझ्या पाठीवर. तू हलकी आहेस. बाबांना सांग, दूध प्यायला लावा. सॅक मी छातीवर घेतली होती, वाटेत तू तिचा पट्टा धरला होतास, तो मी खेचरावर बसवल्यावरही सोडेनास, म्हणून मी सॅक तुझ्याजवळच दिली आणि बाजूने चाललो. हे तुला आठवत नसेल.

दवाखान्यात दोन दिवस ऑक्सिजन. बरी झालीस. समोरासमोर बोलायला दोन दिवस होते. मी खुर्चीवर, तू कॉटवर. तू विचारलंस, इथे भाजी काय भावाने मिळते.

श्रीरंग


ओयान्तायताम्बो
५ ऑगस्ट २०१८

आई,

काल जयंत सरांचा दिल्लीहून फोन आला. टूरचे मॅनेजर, तू भेटली आहेस. कंपनीने मला काढलं. फोनवर त्यांनी तुझा जबाब वाचून दाखवला, सही आणि तारखेसकट. 'मशीनवर त्र्याऐंशी आकडा मी स्वतः पाहिला. माझा मुलगा श्रीरंग याने वहीत शहाऐंशी लिहिले. मी गप्प राहिले, ही माझीही चूक आहे. गाइड नेलिदा यांचा यात काही दोष नाही.'

वा. 'ही माझीही चूक आहे.' अकरा वर्षं जे वाक्य मी मागत होतो ते तू लिहिलंस, पण कंपनीला. मला नाही. आणि चूक कुठली निवडलीस, तर ज्यात मी परत नापास होतो ती.

तू म्हणशील, नेलिदाचं लायसन्स जात होतं. मला माहीत आहे. अरुणामावशीने दिल्लीला जाऊन तक्रार केली, इतक्या आजारी बाईला वर नेलंच कसं, आणि कंपनीने सगळं तिच्यावर ढकललं. जुलैभर तिला एकही ग्रुप दिला नाही. तिचे वडील माझ्याशी बोलायचे थांबले. पण ते माझं मी बघून घेतलं असतं. मी सांगणारच होतो. सीझन संपला की सांगणार होतो. ऑगस्टमध्ये तीन ग्रुप होते, किचन कोण बघणार होतं?

जयंत सर म्हणाले, "श्रीरंग, यार, तुझ्या आईने लिहिलं नसतं तर आम्हाला कळलंच नसतं." तेच तर. ज्यांच्या आया लिहीत नाहीत त्यांची पोरं नोकरीत राहतात.

नेलिदाला कामावर परत घेतलं. तिने तुला नमस्कार सांगितला आहे, मला नाही.

घरी ये, असं बाबांनी मेसेज केलाय. कोणत्या घरी? गाझियाबादचा तो फ्लॅट मी घर म्हणून कधी बघितला नाही. तुम्ही रिटायर होऊन तिथे गेलात तेव्हा मी मानेसरला होतो. तिथे माझी कॉट पण नाही.

आता लिहू नकोस. लिहिलंस तरी मी उघडणार नाही.

श्रीरंग


ओयान्तायताम्बो
१४ ऑक्टोबर २०१८

आई,

उघडलं. बारा दिवस तसंच ठेवलं होतं.

मी सध्या ट्रेकवाल्यांची ओझी उचलतो. तंबू, गॅस, अंडी. वीस किलो पाठीवर, रांगेत पुढे, कारण पॅसेंजर पोचायच्या आधी आम्ही पोचून तंबू लावायचे असतात. पत्र खिशात घेऊन वर गेलो आणि तिथे वाचलं. एका पानाचं होतं. तुझं एवढं छोटं पत्र मी पहिल्यांदा बघितलं.

तू लिहिलंस ते मी इथे परत लिहितो, माझा विश्वास बसावा म्हणून. माझे पंचवीस होते. एकतीस नाही, पंचवीस. तू रात्रभर गठ्ठा उघडून बसलीस आणि इकडे अर्धा, तिकडे एक, नकाशात दोन, असे सहा वाढवलेस. शाई तीच. कोणाला कळलं नाही. मग दोन राहिले आणि तुझा हात थांबला. सकाळी बाबांनी दोन मार्क मागितले तेव्हा तुला त्यांच्या थोबाडीत मारावीशी वाटली, कारण सहा आधीच देऊन झाले होते. आणि शाळेत सगळे तुझं कौतुक करत होते तेव्हा तू स्टाफरूमच्या बाथरूममध्ये जाऊन बसायचीस. 'मी प्रामाणिक नव्हते, श्रीरंग. तू ज्याच्यावर रागावला आहेस ते मी केलंच नाही.'

हे वाचून मला काय व्हायला पाहिजे होतं, तू सांग. रडू यायला पाहिजे होतं? मला राग आला. अकरा वर्षं मी लोकांना सांगत आलो, माझी आई अशी की पोटच्या पोराला दोन मार्क देत नाही. मानेसरला सांगितलं, केटररला सांगितलं, नेलिदाच्या वडिलांना त्यांच्या भाषेत सांगितलं. शिव्या देऊन सांगायचो, पण छाती काढून सांगायचो. तुला माहीत आहे तो ब्रिगेडियर का बसला चौऱ्याऐंशीवर? मी तुझ्यासारखं करत होतो. आणि तू तसं काही केलंच नव्हतंस.

आणि सहा देताना हात चालला, तर आठ का नाही? तू त्याचं उत्तर दिलं नाहीस. 'हात थांबला' हे उत्तर नाही. माझ्या पेपरात असं लिहिलं असतं तर तू शून्य दिलं असतंस. चोरी करायची तर पुरती करायची, नाहीतर पंचवीसच ठेवायचे. पंचवीस असते तर मी म्हटलं असतं, ढ आहे, चलो, परत बसू. एकतीसमुळे मला वाटलं मी पास होतो आणि तू आडवी आलीस. तुझ्या सहा मार्कांनी मी शाळा सोडली, आई. दोन मार्कांनी नाही.

तर ही तुझी चूक. मी मागितली होती ती नाही, दुसरीच. पण तू कळवलीस, आणि या वेळी मला कळवलीस, कंपनीला नाही. म्हणून एक मी कळवतो.

तुझ्या जबाबात त्र्याऐंशी लिहिलं आहे. ते चूक आहे. बोटाला मशीन लावलं तेव्हा आधी एकोणऐंशी आलं होतं. माझा अंगठा त्याच्यावर होता, म्हणून तुला दिसलं नाही. मी म्हटलं, मोठा श्वास घ्या, आणि अंगठा काढला नाही. आठ-दहा श्वासांनी त्र्याऐंशी झालं, तेव्हा काढला. एकोणऐंशीवर माणसाला वर नेत नाहीत, त्याला खाली नेतात, गाडी बोलावतात. मला माहीत होतं. कंपनी शिकवते, आणि ते मी एकदाच ऐकून पाठ केलं होतं.

जूनमध्ये मी लिहिलं की तुला दाखवायला दिले. तसं नव्हतं. तू हॉटेलात बसली असतीस तर मी डोंगरावर काय करतो ते तुला दिसलं नसतं. पोहे दिसले असते फक्त. तू सोळा हजार किलोमीटर येऊन पोहे बघून गेली असतीस. पुढच्या वेळी येशील असं कोण म्हणतं? म्हणून अंगठा धरला. तू मेली असतीस, आई, त्या दारात. डॉक्टर मला बाहेर बोलावून तेच म्हणाला, तुला सांगितलं नाही.

नेलिदाला हे मी काल सांगितलं. तिने ऐकून घेतलं, दार लावलं. बरोबर केलं.

दिवाळीला येत नाही. तुला बघून परत भांडण होईल, आणि समोरासमोर आपल्याला जमत नाही हे दवाखान्यात कळलं. पत्रात जमतं. आठ का नाही, ते लिही. खरं लिही, भलं लागो न लागो.

आणि एकोणऐंशीचं कंपनीला कळवायचं असेल तर कळव. पत्ता तुझ्याकडे आहे. मी तुला थांबवणार नाही, आणि या वेळी रागावणारही नाही. पण आधी मला लिही, मग त्यांना.

श्रीरंग